एकांताचा जमाखर्च

लेखकाला एकांत लागतो, हे वाक्य मराठीत इतक्या वेळा बोललं गेलंय की त्याला पुरावा मागायचं कुणाच्या मनातही येत नाही. मुलाखतीत विचारतात, 'लिहायला एकांत कसा मिळवता?' आणि उत्तरात पहाट, डोंगर किंवा गावाकडचं घर यांपैकी काहीतरी ठरलेलं येतं. तो कसा मिळवला हे सगळे सांगतात. दिला कुणी, हे विचारायचं राहून जातं. मराठी लेखकांच्या एकांताचा आढावा घेताना मला या राहून गेलेल्या प्रश्नाचाच पिच्छा पुरवायचा आहे.

चऱ्होलीत बसून असा आढावा घ्यायची एक सोय आहे. नदीच्या वरच्या अंगाला आळंदी, आणखी वर देहू, आणि पलीकडे चाकणची एमआयडीसी. गावाच्या वाडमुखवाडीत थोरल्या पादुकांचं मंदिर आहे. माउलींची पालखी आळंदीहून पुण्याकडे निघाली की तिथं आरतीला थांबते. चऱ्होली बुद्रुक 1997 साली पिंपरी-चिंचवड महापालिकेत आली, आणि आता वाघेश्वराच्या देवळाभोवती टॉवर, सिमेंटचे मिक्सर आणि पहाटे पाचपासून कंपन्यांच्या बसगाड्या. शांतता शोधायला इथं कुणी येणार नाही. पण एकांत आणि लेखन यांचं नातं ज्या गोष्टींवरून आपण शिकलो, त्यातल्या निम्म्या याच टापूत घडल्या.

पहिली गोष्ट ताटीची. लोकांच्या बोलण्याने दुखावलेले ज्ञानेश्वर कुटीचं दार लावून आत बसले आणि धाकट्या मुक्ताबाईने बाहेर उभं राहून त्यांना दार उघडायला लावलं, असं परंपरा सांगते. आत बसलेल्या भावाने त्या वेळात काय रचलं याबद्दल कुणी काही सांगत नाही. बाहेरच्या बहिणीने जे म्हटलं ते 'ताटीचे अभंग' म्हणून सातशे वर्षं टिकलं. आणि ज्ञानेश्वरी? ती 1290 मध्ये नेवाशाला, ऐकणाऱ्यांच्या समोर, तोंडाने सांगितली गेली आणि सच्चिदानंदबाबांनी उतरून घेतली. 'आता लक्ष द्या' असं श्रोत्यांना वारंवार विनवणारा तो ग्रंथ आहे. म्हणजे मराठीतला पहिला थोर ग्रंथ भरल्या सभेत झाला, आणि एकांताबद्दलची पहिली थोर कविता एकांत मोडायला आलेल्या मुलीची आहे. परिसंवादात हे फारसं ऐकू येत नाही.

तिथं नाव घेतात ते तुकारामांचं, आणि ते बरोबरच आहे. भंडारा, भामचंद्र आणि घोरावडेश्वर हे तीन डोंगर त्यांच्या एकांताचे. पण ते डोंगरावर कुठून गेले ते पाहायला हवं. 1629-30 च्या दुष्काळात पहिली बायको रखुमाई आणि मुलगा गेला, दुकान बसलं, दिवाळं निघालं. पुढे लोकांकडून येणं असलेली खतं त्यांनी इंद्रायणीत सोडली, पण सगळी नव्हे. धाकटा भाऊ कान्होबाने आपली निम्मी मागून घेतली, असंच चरित्रकार सांगतात. एकाने कागद बुडवले आणि डोंगर गाठला. दुसऱ्याने कागद ठेवले आणि घर चालवलं. आवलीचं तर सगळ्यांना माहीत आहे. भाकरी घेऊन ती भंडारा चढायची, पायात काटा रुतला तो प्रत्यक्ष विठ्ठलाने काढला, ही गोष्ट कीर्तनकार रंगवून सांगतात. मला त्यातला काटा काढणारा देव कमी आणि रोजची चढण जास्त दिसते. आपण आवलीला कजाग ठरवलं. उन्हातान्हात डबा पोचवणाऱ्या बाईने तोंडाने दोन शब्द वाईट बोलायचे नाहीत, ही अपेक्षा आपली.

आणि डोंगरावर जे सुचलं ते खाली आलं तेव्हाच राहिलं. चाकणच्या संताजी जगनाडे यांनी ते वह्यांत उतरवलं, टाळकऱ्यांनी पाठ केलं, कीर्तनात ते घासूनपुसून गेलं. वह्या नदीत बुडवल्या तरी अभंग राहिले याचं चमत्काराशिवायचं उत्तर एवढंच की तोवर ते लोकांच्या तोंडी बसले होते. दि. बा. मोकाशींनी हे नेमकं ओळखलं. 'आनंद ओवरी' (1974) ही कादंबरी त्यांनी तुकारामाच्या तोंडून लिहिली नाही. भाऊ नाहीसा झाल्यावर त्याला शोधणाऱ्या कान्होबाच्या तोंडून लिहिली. तुकारामांवर मराठीत ढीगभर लिहिलं गेलं. मागे राहिलेल्या माणसाच्या जागी उभं राहून त्या एकांताकडे बघणारं हे पुस्तक मला त्या ढिगात सगळ्यात वर ठेवावंसं वाटतं. मोकाशी स्वतः रेडिओ दुरुस्तीचं दुकान चालवायचे. 1961 साली ते पालखीबरोबर चालले ते याच रस्त्याने, आणि 'पालखी' हे पुस्तक झालं. हजारोंच्या घोळक्यात, भजनात न मिसळता, वही घेऊन चालणारा माणूस. एकांताची ही जात डोंगरावरच्यापेक्षा अवघड.

सक्तीच्या एकांताची, म्हणजे तुरुंगाची, गोष्ट थोडक्यात आटपता येईल, कारण तिच्याबद्दल पुष्कळ लिहिलं गेलंय. टिळकांनी 'गीतारहस्य' मंडालेत 1910-11 च्या हिवाळ्यात लिहिलं, तेही पेन्सिलीने, पानं मोजून दिलेल्या वह्यांत. पुस्तक 1915 मध्ये बाहेर आलं. या कथेत दोन माणसं सहसा कडेला राहतात. एक, टिळकांच्या स्वयंपाकासाठी दिलेला कुलकर्णी नावाचा कैदी. दुसऱ्या सत्यभामाबाई, ज्या 1912 मध्ये पुण्यात गेल्या आणि ती बातमी टिळकांना मंडालेत कळली. सावरकरांनी अंदमानात कागद नसताना 'कमला' मनात रचून पाठ केली. तिथं एकांत इतका पुरा होता की लिहिण्याचं साधनही त्यात बसत नव्हतं. साने गुरुजींचं मात्र वेगळं. 1932 मध्ये धुळ्याच्या तुरुंगात विनोबा कैद्यांसमोर गीतेवर बोलत आणि गुरुजी ते भराभर उतरून घेत. त्याचीच 'गीता प्रवचने' झाली. पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात त्यांनी 'श्यामची आई' लिहिली, तीही रात्री मुलं जमवून सांगितलेल्या गोष्टींच्या रूपात. कोठडीत बसून या माणसाने लिहिताना भोवती मुलं जमवली.

विसाव्या शतकात एकांत हे लेखकाचं भांडवल झालं आणि मराठीत त्याचं दुसरं नाव पडलं जी. ए. कुलकर्णी. धारवाडला इंग्रजीचे प्राध्यापक, काळा चष्मा, सभासंमेलनांना नकार, भेटायला येणाऱ्याला टाळण्याच्या नाना युक्त्या. 'काजळमाया'ला 1973 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला आणि प्रकाशनाच्या तारखेवरून वाद झाल्यावर त्यांनी तो परत केला. पुण्या-मुंबईच्या वाङ्मयीन गावगप्पांपासून दूर राहिल्यामुळेच 'पिंगळावेळ' आणि 'रमलखुणा' यांतलं जग तसं उभं राहिलं, असं म्हणतात. त्यात तथ्य आहे. कन्नड मुलखात, मराठी कानावर कमी पडणाऱ्या गावात राहून त्यांनी जी मराठी घडवली ती रस्त्यावरच्या मराठीसारखी नाहीच. त्यांच्या वाक्याला बोलण्याची घाई नाही.

पण या एकांतात डोकावलं तर आत बरीच माणसं दिसतात. घरात त्यांनी सांभाळलेल्या आणि त्यांना सांभाळणाऱ्या मावसबहिणी होत्या. संध्याकाळी क्लबात पत्त्यांचा डाव असे. आणि पत्रं! श्री. पु. भागवत, म. द. हातकणंगलेकर, सुनीता देशपांडे आणि आणखी कितीतरी जणांना जी.एं.नी जी पत्रं लिहिली त्यांचे मौजेने चार खंड काढले. एकलकोंडा म्हणून ज्याची ख्याती त्याने पत्रांतून जेवढा संसार केला तेवढा चारचौघांत वावरणाऱ्या कुठल्या समकालीनाने केला असेल असं वाटत नाही. खाणं, कुत्री, चित्रं, वाचलेली पुस्तकं, कुणाची टिंगल, सगळं त्यात आहे. त्यांना माणसं नको होती असं म्हणता येत नाही. माणसं आपल्या वेळेला आणि टपालाच्या अंतरावर हवी होती. दार बंद, टपालपेटी उघडी. चांगल्या लेखकाचा एकांत बहुधा असाच असतो, आणि तो जमायला घरात दुसरं कुणीतरी दार उघडायला असावं लागतं.

जी.एं.ची पत्रं ज्यांना गेली त्या सुनीताबाई या हिशेबाच्या दुसऱ्या पानावर आहेत. पु. ल. माणसांत रमणारे, पण त्यांना लिहिण्यासाठी जो सलग वेळ लागे तो राखायला सुनीताबाई दाराशी उभ्या असत, आणि भेटायला आलेल्यांच्या शिव्या त्यांनी खाल्ल्या. 'आहे मनोहर तरी' 1990 मध्ये आलं तेव्हा वाचकांना धक्का बसला. बसायला नको होता. मराठीत या पुस्तकाला पूर्वजा होत्या. ना. वा. टिळक मनात आलं की घर सोडून निघत. मागे राहिलेल्या लक्ष्मीबाईंनी 1934 ते 1936 या काळात 'स्मृतिचित्रे' प्रसिद्ध केली, आणि आज नवऱ्याच्या कवितेपेक्षा ते पुस्तक जास्त वाचलं जातं. टिळकांचं अर्धवट राहिलेलं 'ख्रिस्तायन' पुरं केलं तेही त्यांनीच. मल्लिका अमर शेख यांचं 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' 1984 चं. नारायण सुर्व्यांच्या पत्नी कृष्णाबाईंचं 'मास्तरांची सावली'. ही पुस्तकं आपण 'लेखकपत्नींची आत्मचरित्रं' असा काहीसा हलका शिक्का मारून एका कप्प्यात ठेवली. मला ती मराठी साहित्याची खातेवही वाटतात. खर्चाची बाजू तिथंच लिहिलेली आहे. नवऱ्यांच्या पुस्तकांत फक्त जमा आहे.

मग बाईला लिहायचं झालं की काय? व्हर्जिनिया वुल्फने 1929 मध्ये स्वतःची खोली आणि वर्षाला पाचशे पौंड मागितले. मराठीत त्याआधी आणि त्यानंतरही बायकांनी खोलीवाचून काम भागवलं. जनाबाईंच्या नावावरच्या अभंगांत दळण आहे. बहिणाबाई चौधरी (1880-1951) शेतात आणि जात्यावर रचत गेल्या. लिहिता येत नव्हतं, म्हणून सोपानदेवांनी उतरून ठेवलं, आणि त्या गेल्यावर 1952 मध्ये अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तक आलं. जात्याशी एकटेपण असतं, पण हात मोकळे नसतात. अशा वेळी जे रचलं जातं ते लहान, तोंडात बसणारं, लयीत धरलेलं असतं. बहिणाबाईंची ओळ आखूड आणि घट्ट का, याचं एक कारण इथं आहे. एकांत कसा मिळतो त्यावर लेखनाचा आकारही ठरतो.

याचा सगळ्यात बोलका दाखला एकाच तालुक्यात सापडतो, फलटणमध्ये. तिथं बेबी कांबळे किराणा दुकान चालवायच्या. पुडी बांधायला आणलेल्या रद्दीतले कागद आधी वाचून काढायच्या. गिऱ्हाईक नसेल तेव्हा वहीत लिहायच्या, आणि ती वही नवऱ्याच्या, घरच्यांच्या हाती लागू नये म्हणून अडगळीत, कुणी हात घालणार नाही अशा धुळीच्या जागी दडवायच्या. असं वर्षानुवर्षं. 'स्त्री' मासिकातून ते छापून आलं आणि 1986 मध्ये 'जिणं आमुचं' पुस्तकरूपाने आलं. आता ते पुस्तक उघडा. त्यात 'मी' फार कमी आहे. महारवाडा आहे, आत्या-मावश्या आहेत, आषाढातले सण आहेत. गिऱ्हाइकाच्या दोन फेऱ्यांमध्ये लिहिणाऱ्या बाईने स्वतःकडे एकटक बघायची चैन केलीच नाही. प्रसंग सुटेसुटे आहेत, एकाच्या मागे दुसरा, आणि प्रत्येक प्रसंग एका बैठकीत पुरा होईल एवढा.

त्याच फलटणजवळ विंचुर्णी नावाच्या गावात गौरी देशपांडे येऊन राहिल्या. इरावती कर्व्यांची मुलगी, इंग्रजी-मराठी दोन्हींत लिहिणारी, जगभर राहिलेली. शहर सोडून आपणहून पत्करलेला एकांत. 'विंचुर्णीचे धडे' (1996) मध्ये त्या एकांताचं कौतुक कमी आणि कबुलीजबाब जास्त आहे. खेड्यात राहणं म्हणजे निवांतपणा नव्हे, हा त्या पुस्तकातला पहिला धडा. गौरीबाईंची वाक्यं लांब, वळणं घेणारी, स्वतःलाच अडवून प्रश्न विचारणारी. तशी वाक्यं लिहायला सलग दुपार लागते. दोघींपैकी कोण मोठी हा प्रश्न मला फिजूल वाटतो. पण एकीला एकांत निवडता आला आणि दुसरीला तो अडगळीत लपवावा लागला, हे सोडून देऊन 'लेखकाला एकांत लागतो' म्हणणं म्हणजे अर्धं बोलणं.

इंदिरा संत या दोघींच्या मधे कुठेतरी. 1946 मध्ये ना. मा. संत गेले, बेळगावात नोकरी आणि मुलं एकटीने सांभाळली, आणि 'शेला', 'मेंदी', 'मृगजळ' त्याच काळात आले. त्यांच्या कवितेतल्या एकटेपणाला वाचक 'एकांत' म्हणतात. नोकरी करून मुलं वाढवणाऱ्या बाईच्या दिवसात एकांत किती असेल हे ज्याचं त्याने मोजावं. एकटेपण होतं, तेवढं खरं. एकटेपणातून कविता झाली म्हणून एकटेपण चांगलं असा निष्कर्ष काढणारे समीक्षक मला नेहमीच थोडे निर्दय वाटत आले आहेत.

उलट बाजूही नोंदवायला हवी, कारण एकांताशिवायही मराठीत फार मोठं काम झालंय. 'गीतरामायण' 1955-56 मध्ये पुणे आकाशवाणीवर आठवड्याला एक गाणं या वेगाने झालं, छप्पन्न गाणी. माडगूळकर लिहून देतात, फडके चाल लावतात, आणि प्रक्षेपणाची वेळ थांबत नाही. सुर्व्यांनी गिरणीत आणि शाळेत शिपाई म्हणून राबून 'ऐसा गा मी ब्रह्म' (1962) आणि 'माझे विद्यापीठ' (1966) लिहिले. चाळीतल्या एका खोलीत एकांत मागायचा कुणाकडे? त्यांच्या कवितेत माणसं सारखी बोलत असतात, दारात येतात, हाक मारतात. आणि रानातले मारुती चितमपल्ली? वनखात्याच्या नोकरीने त्यांना हवा तेवढा एकांत पगारासकट दिला. तरी जंगल वाचायला शिकवलं ते नवेगाव बांधच्या माधवराव पाटलांसारख्या माणसांनी, आणि चितमपल्लींच्या पुस्तकांत ती माणसं पक्ष्यांइतकीच आहेत. लेखकांनी एकत्र राहायचा प्रयोगही आपण केला. वांद्र्याच्या 'साहित्य सहवासा'त विंदा करंदीकर, रमेश तेंडुलकर असे शेजारी-शेजारी राहिले. तिथून सगळ्यात प्रसिद्ध झालेला मुलगा क्रिकेट खेळत होता, हा भाग वेगळा.

आता इथलं, आजचं. तुकारामांचा भामचंद्र आज चाकण एमआयडीसीच्या विस्ताराने वेढलेला आहे. 2008 मध्ये पायथ्याच्या शिंदे-वासुली गावात डाऊ केमिकलच्या केंद्राला गावकरी आणि वारकऱ्यांनी कडाडून विरोध केला. जाळपोळ झाली, शेवटी कंपनीने ती जागा सोडली. त्या लढ्यात इंद्रायणीचं आणि सुधा नदीचं पाणी हा मुद्दा होता, भोपाळ हा मुद्दा होता, आणि तुकोबांच्या ध्यानाची जागा हाही होता. साहित्यिकाचा एकांत वाचवावा म्हणून महाराष्ट्रात रस्त्यावर उतरून झालेलं असं आंदोलन मला दुसरं आठवत नाही, आणि ते साहित्यिकांनी केलं नाही. वारीचा अभ्यास करणारे साधक अजूनही त्या डोंगरावर राहतात, आणि खालच्या गावांतून मधुकरी आणून जेवतात. ही व्यवस्था मला प्रामाणिक वाटते. एकांतात बसणारा रोज झोळी घेऊन खाली उतरतो. भाकरी कुठल्या घरची, हे त्याला ठाऊक असतं.

या पट्ट्यात लिहिणारे आहेत, आणि ते बहुतेक शिफ्टमध्ये काम करणारे आहेत. 1996 ला शांता शेळक्यांच्या अध्यक्षतेखाली आळंदीला संमेलन झालं, 2016 ला पिंपरीला झालं. दोन्हींमधल्या वीस वर्षांत इथल्या लिहिणाऱ्याच्या दिवसाचा साचा शेतावरून कंपनीच्या गेटवर आला. नाईट शिफ्ट करणाऱ्याला एकांत दिवसा मिळतो, जेव्हा झोप हवी असते. तो झोपलेला असताना दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये मुलांना गप्प कोण बसवतं, कुकरची शिट्टी कोण सांभाळतं, हे विचारलं की उत्तर पुन्हा त्याच खातेवहीत सापडतं. आणि मोबाईल. खिशात वाजणारी वस्तू घेऊन भंडाऱ्यावर गेलं तरी काय, अशी तक्रार सगळे करतात, पण त्यात मला अर्धवट खोटेपणा दिसतो. जी.एं.नाही टपाल हवंच होतं. फरक इतकाच की पोस्टमन दिवसातून एकदा यायचा.

या सगळ्यात एक नवी गोष्ट मात्र घडलीय, आणि तिचा साहित्याशी संबंध कुणी जोडलेला नाही. स्पर्धा परीक्षांच्या पोरांसाठी भोसरी, मोशी, दिघी, आळंदी रस्त्याला गल्लोगल्ली अभ्यासिका निघाल्यात. महिन्याची फी, नंबर टाकलेलं टेबल, चार्जिंगचा पॉइंट, भिंतीवर 'फोन सायलेंट ठेवा' अशी पाटी. पोरी मोठ्या संख्येने येतात, कारण घरी अभ्यासाला बसलं की कुणीतरी चहा ठेवायला उठवतं. तिथं वही उघडून राज्यघटनेऐवजी कथा लिहिली तरी शेजारचा बघत नाही. लेखकांना एकांत द्यायच्या योजना आखणाऱ्या संस्थांनी डोंगरावरच्या कुटिरांचे आराखडे बाजूला ठेवून अशा दहा टेबलांची वर्षाची फी भरावी, आणि त्यातली सहा तरी बायकांसाठी राखून ठेवावीत. वेळ दुपारी बारा ते चारची असली तर उत्तम; मुलं शाळेत असतात.